उमरावशाहीवरचा कोर्स: सर भारी, सबटायटल धमाल, गोल्ड मेंबरशिप डोक्यात जाते

आधी स्टारचं सांगून टाकते. पाचपैकी साडेतीन. दीड कुठे गेला ते खाली येईलच.

हा व्हिडिओ कोर्स आहे, १८ लेक्चर, एकेक साधारण पाऊण तासाचं. विषय उमरावशाही, म्हणजे खानदानी लोकांची सत्ता, आणि तिचं आजच्या सरकारांमध्ये अन् राजकीय विचारांमध्ये काय काय शिल्लक राहिलंय ते. धाकट्या भावाने वाढदिवसाला गिफ्ट दिला, म्हणाला, ताई तुला त्या राजवाड्यांच्या सिरियल आवडतात ना, मग हे बघ. मलाही वाटलं झुंबरं, बग्ग्या, कोणी कोणाला विष घातलं असलं काहीतरी असेल. पहिल्या लेक्चरमध्ये झुंबर एकही नाही. एक वयस्कर सर पांढऱ्या भिंतीसमोर उभे राहून विचारतात की उत्तम माणसांनी राज्य करावं यात चूक काय, आणि मग पाऊण तास त्यातला "उत्तम" हा एकच शब्द सोलत बसतात. मी भांडी घासता घासता ऐकत होते, भांडी संपली तरी नळ बंद करून तशीच उभी.

कारण मूळ शब्दात, म्हणजे ॲरिस्टोक्रसीत, खानदान नाहीच आहे. ग्रीकमध्ये अरिस्तोस म्हणजे उत्तम आणि क्रातोस म्हणजे सत्ता. प्लेटोच्या डोक्यात होते ते ज्ञानी लोक, चांगल्या घरात जन्मलेली पोरं नव्हेत. ॲरिस्टॉटलने राज्याचे सहा खण पाडले, तीन धड आणि तीन बिघडलेले, आणि त्यात उत्तमांची सत्ता बिघडली की तिची मूठभर श्रीमंतांची सत्ता होते. गंमत अशी की बाहेरून दोन्ही सारख्याच दिसतात, दोन्हीकडे खुर्चीत थोडेच लोक बसलेत, ते कोणाच्या भल्यासाठी बसलेत एवढाच काय तो फरक, आणि आमच्याच भल्यासाठी बसलोय असं खुर्चीतला कधी सांगेल का?

त्याच लेक्चरमध्ये पुढे एक गोष्ट आली तिने माझं डोकंच फिरलं. अथेन्समध्ये ५०० लोकांचं मंडळ चिठ्ठ्या टाकून निवडायचे, एका वर्षासाठी. दहा सेनापती मात्र मत देऊन निवडायचे, कारण लढाईत कोणीही चालत नाही. आणि ॲरिस्टॉटल सरळ लिहून गेलाय की चिठ्ठी ही लोकशाहीची रीत आणि मतदान ही मूठभरांच्या राज्याची. का, तर चिठ्ठीत कोणाचंही नाव निघू शकतं, पण मत देताना आपण "त्यातल्या त्यात चांगला" शोधतो, म्हणजे नाव असलेला, बोलणारा, घराणं माहीत असलेला, पैसा असलेला. मी तिथे पॉज करून भावाला व्हॉइस नोट पाठवली. त्याने उत्तर दिलं, ताई तू भांडी घास.

पण हा धागा सर सोडत नाहीत, अठराच्या अठरा लेक्चर तोच ओढत नेतात, आणि म्हणून कोर्स आवडला. उमराव म्हणजे फक्त विग आणि किताब नाहीत, त्यांनी राजाला वेसण घालायला आणि मुख्य म्हणजे एकमेकांवर नजर ठेवायला जी अवजारं बनवली तीच पुढे सगळ्यांच्या हातात आली, असं त्यांचं म्हणणं. दुसरं सभागृह, राजाच्या पैशावर अंकुश, गुप्त मतदान, अधिकाऱ्याचा कार्यकाळ संपला की हिशेब. जनतेच्या प्रेमापोटी यातलं फार काही झालेलं नाही.

आता सबटायटल. सर इंग्रजीत बोलतात आणि खाली मराठी येतं, आणि ते माणसाने केलेलं नाही हे तिसऱ्या मिनिटाला कळतं. हाउस ऑफ लॉर्ड्स, म्हणजे ब्रिटनच्या संसदेचं वरचं सभागृह, त्याचं झालं "परमेश्वरांचे घर". लाइफ पीअर, म्हणजे फक्त स्वतःच्या हयातीपुरता लॉर्ड, त्याचं "आयुष्यभर टक लावून पाहणारा". पोलंडच्या संसदेला, म्हणजे सेइमला, सर मधेमधे डाएट म्हणतात, जुन्या सभांना तो शब्द आहे, तर खाली आलं "पोलिश आहारात एका सदस्याने नकार दिला की संपूर्ण आहार रद्द होत असे". आम्ही दोघं बहीणभाऊ पोट धरून हसलो. फ्रान्सच्या तिसऱ्या इस्टेटची "तिसरी मालमत्ता" झालीये आणि तिथे मात्र हसू आलं नाही, कारण धर्मगुरू आणि उमराव सोडून उरलेल्या सगळ्या जनतेचं नाव आहे ते, आणि खाली वाचणाऱ्याला वाटणार कोणाचा तरी प्लॉट. मूळ शब्दाला तर कधी अभिजात, कधी कुलीन, कधी सरदार, कधी नुसतं "उच्च". अरे एक काहीतरी धरा ना. मी मनात उमरावशाही धरला, कारण अभिजात म्हटलं की मला शास्त्रीय संगीत ऐकू येतं आणि सरदार म्हटलं की घोडा दिसतो. इंग्रजी समजत असेल तर सबटायटल बंदच ठेवा, अर्धा स्टार इथे गेला.

रोमचं लेक्चर ठीक. इ.स.पू. ४९४ मध्ये सामान्य लोक, म्हणजे प्लेबियन, रुसून शहराबाहेर डोंगरावर जाऊन बसले आणि त्यातून त्यांचे स्वतःचे ट्रिब्यून, म्हणजे त्यांची बाजू घेणारे अधिकारी, आले, ३६७ मध्ये कॉन्सलपदाची, म्हणजे सगळ्यात वरच्या पदाची, वाटही त्यांना मोकळी झाली. मग जे प्लेबियन आत गेले तेच पुढे नवे खानदानी होऊन बसले. पॉलिबियस नावाच्या ग्रीक इतिहासकाराला रोमचं सरकार बघून वाटलं की यात कॉन्सल म्हणजे राजा, सिनेट म्हणजे उमराव आणि लोकांच्या सभा म्हणजे जनता, तिघं एकमेकांना धरून आहेत म्हणून गाडा चालतो. ही मिश्र राज्याची कल्पना पुढे दोन हजार वर्षं लोकांनी उगाळली. सर इथे जरा घाईत आहेत, चालतं, पुढे व्हेनिस आहे.

व्हेनिसचं लेक्चर मी तीनदा ऐकलं. त्या एका लेक्चरसाठी कोर्स घ्या म्हणेन मी. १२९७ मध्ये तिथल्या मोठ्या सभेची दारं जवळपास बंद झाली, ज्यांची घराणी आत आहेत त्यांचीच पोरं पुढे आत, बाकीच्यांनी व्यापार करा, कर भरा, गप्प बसा. नंतर तर उमरावांच्या नोंदीसाठी "सोनेरी पुस्तक" आलं, त्यात नाव नाही तर तुम्ही नाही. इथपर्यंत सगळं नेहमीचंच. पण या बंद दाराआड हे लोक एकमेकांना इतके घाबरायचे की त्यांचा प्रमुख, म्हणजे डोजे, निवडायची जी रीत १२६८ पासून पक्की झाली ती ऐकून माझा विश्वास बसेना.

सुरुवात अशी की सभेतला एक जण चौकात जातो आणि जो पहिला लहान मुलगा दिसेल त्याला हाताला धरून आत आणतो. हा मुलगा पिशवीतून गोळे काढणार, कारण त्याचं कोणाशी देणंघेणं नाही. त्याने काढलेल्या गोळ्यांवर ३० जण निवडले जातात, त्यांच्यातून पुन्हा चिठ्ठीने ९ उरतात. हे ९ मत देऊन ४० नावं ठरवतात, ४० चे चिठ्ठीने १२ होतात, १२ जण २५ निवडतात, २५ चे परत ९, हे ९ मग ४५ निवडतात, ४५ चे ११ आणि ते ११ शेवटचे ४१ निवडतात. डोजे निवडतात ते हे ४१, आणि त्याला किमान २५ मतं लागतात. सर हे सगळं फळ्यावर बाण काढत सांगतात आणि मधे एकदा स्वतःच चुकतात, पुसून परत काढतात, ते एडिट केलेलं नाही आणि मला तेच आवडलं. इतकं करून निवडलेल्या डोजेला बाहेरच्या राजांकडून आलेलं पत्र एकट्याने उघडायची परवानगी नाही, बाजूला सल्लागार हवेत. मेल्यावर त्याच्या कारभाराचा हिशेब तपासायचे आणि खोट निघाली तर वारसांकडून वसुली. बॅलट हा शब्दसुद्धा त्याच छोट्या गोळ्यावरून आलाय, तिथल्या भाषेत बलोत्ता. नेपोलियन १७९७ मध्ये येईपर्यंत हे चाललं, मधे पाचशे वर्षं गेली.

(सबटायटलमध्ये डोजेचा "डोस" झालाय. "नवीन डोस निवडेपर्यंत ४१ जणांना कोंडून ठेवत." असो.)

व्हेनिसनंतर लगेच पोलंड ठेवलंय ते मुद्दाम, आणि बरोबर केलंय. तिथले उमराव, श्लाख्ता, संख्येने भरपूर होते, लोकसंख्येच्या दहा टक्क्यांच्या आसपास, बऱ्याच जणांकडे धड जमीनही नव्हती पण कागदावर सगळे समान. १५७३ पासून राजाही हेच निवडायचे. आणि त्यांच्याकडे तो प्रसिद्ध नकाराधिकार, एका सदस्याने "मला मान्य नाही" म्हटलं की अधिवेशनच गुंडाळायचं. १६५२ मध्ये एकाने एकट्याने पहिल्यांदा ते केलं आणि मग बांधच फुटला. ऑगस्टस तिसरा याची कारकीर्द तीस वर्षांची, त्यात एकच अधिवेशन नीट पार पडलं, १७३६ चं. शेजारच्या राजांना सोपं झालं, एका सदस्याला पैसे चारा, अख्खी संसद बंद. १७९१ च्या राज्यघटनेने हा अधिकार काढला, तोवर उशीर झाला होता, १७७२, १७९३ आणि १७९५ अशा तीन घासांत देश नकाशावरून गेला. व्हेनिसच्या उमरावांनी एकमेकांचे हात बांधले, पोलंडच्या उमरावांनी सरकारचे बांधले. हे वाक्य माझं आहे, सरांचं नाही, पण सर खूश होतील.

इंग्लंडला तीन लेक्चर दिलीत. पहिलं मॅग्ना कार्टाचं, म्हणजे सरदारांनी राजाकडून लिहून घेतलेल्या कराराचं, १२१५, आणि त्यात सर बरंच धुतात, म्हणजे ६३ कलमांतली बरीचशी सरंजामी देण्याघेण्यांची, वारसाहक्क, विधवांची लग्नं, नदीतले मासे पकडायचे बांध, आणि राजाने करार मोडला तर २५ सरदारांनी त्याची मालमत्ता जप्त करावी असं एक कलम. दोनेक महिन्यांत पोपने रद्दही केला. तरी त्याच कागदातलं "कायद्याशिवाय स्वतंत्र माणसाला कैद करू नये" हे वाक्य पुढे सगळ्या जगाने उचललं. सर बजावून सांगतात की "स्वतंत्र माणूस" म्हणजे सगळे नाहीत, बहुतेक शेतकरी जमीनदाराला बांधलेले होते, ते यात नाहीत. आता गंमत बघा, लेक्चरनंतर जी क्विझ येते तिच्यात बरोबर उत्तर काय, तर "इंग्लंडच्या सर्व जनतेला हक्क मिळाले". मी सरांनी सांगितलेलं निवडलं तर लाल फुली. सपोर्टला मेल केली, उत्तर आलं की आपला अभिप्राय आमच्यासाठी मोलाचा आहे. मोल आहे तर फुली काढा की. दोन महिने झाले, फुली तिथेच. आणखी अर्धा स्टार गेला.

दुसरं लेक्चर हाउस ऑफ लॉर्ड्सचं. १९०९ चं बजेट जमिनीवर आणि मोठ्या उत्पन्नावर कर लावणारं, ते लॉर्डांनी फेटाळलं, त्यावरून १९१० मध्ये एकाच वर्षात दोन निवडणुका, शेवटी पंतप्रधानांनी दम दिला की ऐकत नसाल तर राजाकडून शेकड्यांनी नवे लॉर्ड बनवून घेतो आणि तुम्हाला मतांत बुडवतो. आता खानदानी माणसाला सगळ्यात जास्त दुःख कशाचं, तर किताब स्वस्त होण्याचं! ऑगस्ट १९११ मध्ये १३१ विरुद्ध ११४ मतांनी त्यांनी स्वतःचेच दात काढायला मंजुरी दिली, पैशाच्या विधेयकाला एक महिना आणि बाकीच्यांना दोनेक वर्षं यापेक्षा जास्त अडवता येणार नाही. १९४९ मध्ये ते एक वर्षावर आलं. सर उन्हाळ्यातली ती चर्चा अशी सांगतात की मला घाम फुटला.

आणि मग १९९९. सहाशेहून जास्त वंशपरंपरागत लॉर्ड बाहेर, तडजोड म्हणून ९२ जण आत ठेवले, तात्पुरते. ९२ मधला कोणी वारला तर तेव्हा पोटनिवडणूक व्हायची, त्यात उभे राहणारे पण लॉर्ड आणि बहुतेक वेळा मत देणारे त्याच पक्षाचे उरलेले वंशपरंपरागत लॉर्ड. २०१६ मध्ये अशाच एका पोटनिवडणुकीत उमेदवार सात आणि मतदार तीन. तीन! व्हायकाउंट थर्सो निवडून आले, तिन्ही मतं त्यांनाच. हे गृहस्थ १९९९ मध्ये वरच्या सभागृहातून बाहेर पडलेले, मग खालच्या सभागृहात जनतेच्या मतांवर खासदार झालेले, २०१५ मध्ये हरलेले आणि आता तीन मतांवर परत वर. सर इथे हसत नाहीत, नुसतं कॅमेऱ्याकडे बघतात. ती दोन सेकंद मी रिवाइंड करून बघितली.

तिसरं इंग्लंडचं लेक्चर थोरल्या मुलाच्या वारसाहक्कावर. कंटाळवाणं वाटलं होतं पण आहे कामाचं. तिथे किताब आणि जमीन एकट्या थोरल्याला, धाकटे कायद्याने सामान्य माणसं, मग ते वकिलीत, सैन्यात, चर्चमध्ये, खालच्या सभागृहात. त्यामुळे इस्टेट फुटत नाही आणि घराण्याचे पाय सगळीकडे. युरोपात बऱ्याच ठिकाणी सगळीच पोरं उमराव, मग किताब ढीगभर आणि जमिनीचे तुकडे. माझा भाऊ धाकटा, त्याला हे लेक्चर अजिबात आवडलं नाही.

फ्रान्सचं लेक्चर माँटेस्क्यूपासून सुरू होतं. सत्तेची विभागणी सांगणारा हा माणूस स्वतः बॅरन होता, बोर्डोच्या न्यायालयातली अध्यक्षाची खुर्ची त्याला काकांकडून वारशाने आली आणि १७२६ मध्ये त्याने ती विकली. हो, खुर्च्या विकत मिळायच्या, आणि राजेशाहीत तशी विक्री योग्यच असं त्याने लिहूनही ठेवलंय. त्याचा मुद्दा असा की राजा आणि प्रजा यांच्यामध्ये कोणीतरी हवं, उमराव नसतील तर राजाचा हुकूमशहा होतो. स्वतःच्या पोटापाण्याचा विचार आणि राज्यशास्त्र एकाच वाक्यात, पण म्हणून ते चूक ठरत नाही हे सर छान उलगडतात. मग १७८९. १६१४ नंतर पहिल्यांदाच तिन्ही इस्टेटींची सभा, वाद कशावर तर मत डोकी मोजून की इस्टेट मोजून, कारण इस्टेटी मोजल्या की धर्मगुरू आणि उमराव मिळून दोन विरुद्ध एक, जनता कितीही असो हरणारच. ४ ऑगस्टच्या रात्री उमरावांनीच उठून उठून आपले हक्क सोडले, अर्धे भीतीने अर्धे भरात येऊन, आणि जून १७९० मध्ये वंशपरंपरागत किताबच रद्द. अठरा वर्षांत नेपोलियनने स्वतःचे नवे ड्यूक आणि काउंट बनवले ते वेगळंच. टॉमस पेन हा इंग्रज लेखक १७९१ मध्ये म्हणाला होता की वंशपरंपरेने कायदे करणारा माणूस म्हणजे वंशपरंपरेने गणितज्ञ असल्यासारखं आहे. याच्यावर सांगण्यासारखं उत्तर कोणाकडेच नाहीये. उमरावांची बाजू घेणाऱ्या बर्क या ब्रिटिश खासदाराने प्रयत्न केला, सर त्याला वीस मिनिटं देतात, माझ्या मते दहा पुरली असती.

अमेरिकेचं लेक्चर सगळ्यात गप्पांसारखं आहे कारण ते जेफरसन आणि ॲडम्स या दोन म्हाताऱ्या माजी राष्ट्राध्यक्षांच्या पत्रांवर आहे. राज्यघटनेने किताब द्यायलाच बंदी केली, मग आता उमराव संपले का? १८१३ मध्ये जेफरसन ॲडम्सला लिहितो की गुण आणि बुद्धीचे नैसर्गिक उमराव असतातच, खोटे उमराव जन्माचे आणि पैशाचे, लोकांना मोकळेपणी मत देऊ द्या, ते बरोबर पाखडून घेतात. ॲडम्स म्हणतो कसलं काय, रूप, पैसा, घराणं यांच्यापुढे लोक नेहमीच विरघळतात, त्यापेक्षा या वजनदार मंडळींना एका वेगळ्या सभागृहात नेऊन बसवा म्हणजे डोळ्यासमोर राहतील. सिनेट म्हणजे मानाची खुर्चीही आणि पिंजराही. मला ॲडम्सचं पटलं. शिवाय गुणांवर बोलणाऱ्या जेफरसनने आयुष्यात सहाशेहून जास्त माणसं गुलाम म्हणून बाळगली, सर हे सांगतात पण एका वाक्यात सांगून पुढे जातात.

आणि इथे माझी खरी तक्रार. सरांना उमरावांबद्दल सॉफ्ट कॉर्नर आहे. त्यांच्या सभा, त्यांची पत्रं, त्यांची भांडणं सगळं रंगवून, आणि ज्यांच्या जिवावर हे चाललं ते कुठेत? रशियाला सगळी मिळून सहा मिनिटं. १७२२ मध्ये झार पीटरने १४ पायऱ्यांचा तक्ता केला, नोकरीत वर चढा आणि उमराव व्हा, ते भारी सांगितलंय. १७६२ मध्ये उमरावांची सक्तीची नोकरी माफ झाली. पण उमरावांना शेतकरी बांधून दिले होते ते याच कारणासाठी ना, की ते राजाची नोकरी करतात? नोकरी सुटली, मग शेतकरी का नाही सुटले? ते सुटले १८६१ मध्ये, ९९ वर्षांनी. ही ९९ वर्षं म्हणजे एक अख्खं लेक्चर आहे, कोर्समध्ये दोन वाक्यं आहेत. जपानलाही तसंच उरकलंय, १८८४ मध्ये युरोपचं बघून पाच दर्जांचे उमराव तयार केले, त्यांचं सभागृह केलं, १९४७ च्या राज्यघटनेने सगळं बंद, पुढची स्लाइड. चीनने परीक्षा घेऊन अधिकारी निवडले, शेकडो वर्षं, "उत्तम कोण" याचं दुसरंच उत्तर, त्यावर तर चकार शब्द नाही.

तॉकव्हिल या फ्रेंच लेखकाने मात्र कसर भरून काढली. याच्या पणजोबांना १७९४ मध्ये गिलोटिनवर चढवलं, आईवडील तुरुंगातून थोडक्यात वाचले, आणि हा पोरगा मोठा होऊन अमेरिकेला जाऊन लोकशाही समजून घेतो, शिव्या न घालता. त्याचं म्हणणं असं की उमरावशाहीत शेतकऱ्यापासून राजापर्यंत सगळे एका साखळीत अडकलेले, लोकशाही साखळी तोडते आणि कड्या सुट्या करते. सुट्या झालेल्या कड्या एकट्या पडतात आणि सरकार एकटंच मोठं होत जातं, म्हणून संस्था काढा, मंडळं काढा, एकत्र या. आणि नवे उमराव आलेच तर ते कारखान्यांतून येतील, मजुराशी पगारापलीकडे काही नातं नसलेले, हेही तो लिहून गेलाय, १८४० साली.

शेवटची दोन लेक्चर विसाव्या शतकाची. पारेटो हा इटालियन विचारवंत, स्वतः मार्क्विस किताबाचा उमराव, म्हणतो मूठभर वर असतातच, फक्त मूठ बदलते. मिखेल्स नावाच्या अभ्यासकाने १९११ मध्ये समतावादी पक्षांकडे बघून दाखवलं की तिथेही पुढारी वर चिकटतात. ऑस्ट्रियाने १९१९ मध्ये नावातला "फॉन", खानदानाची खूण, तो पण कायद्याने काढला, जर्मनीने तो आडनावाचा भाग म्हणून राहू दिला. आणि ब्रिटिश समाजशास्त्रज्ञ मायकल यंग, ज्याने १९५८ मध्ये मेरिटोक्रसी हा शब्द गाजवला, तोही टिंगल म्हणून, हुशारांचं राज्य किती भयानक होईल हे दाखवायला. लोकांनी तो कौतुकाचा शब्द करून टाकला, आणि यंग स्वतः १९७८ मध्ये लॉर्ड झाले.

बरं, गोल्ड मेंबरशिप. गिफ्टमध्ये आलेला कोर्स साधा. महिन्यातून एकदा सर लाइव्ह येतात, पण तिथे बोलू शकतात फक्त गोल्डवाले. साध्या मेंबरने प्रश्न लिहून द्यायचा, आणि कुठला प्रश्न सरांपर्यंत जाणार हे गोल्डवाले मत देऊन ठरवणार. अहो तुम्ही शिकवताय काय, करताय काय! ॲरिस्टॉटलने तर याला उमरावशाहीही म्हटलं नसतं, जास्त पैसे भरणाऱ्यांची सत्ता ती सरळ मूठभर श्रीमंतांची. भाऊ म्हणाला, ताई तू प्लेबियन आहेस, डोंगरावर जाऊन बस. माझा प्रश्न व्हेनिसवर होता, की चिठ्ठ्या जर सोनेरी पुस्तकातल्या लोकांच्याच असतील तर त्या मुलाचा आणि गोळ्यांचा एवढा तमाशा कशाला. पहिल्या महिन्यात शून्य मतं. दुसऱ्या महिन्यात शून्य. इथे पुढचा अर्धा स्टार गेला.

तिसऱ्या महिन्यात भावाने गुपचूप गोल्डची सात दिवसांची ट्रायल घेतली आणि मला मत दिलं. त्या महिन्यात मत देणारे एकूण तीनच निघाले, आणि मला दोन पडली. म्हणजे मी पण ओळखीने आत गेले, लपवत नाही.

सरांनी प्रश्न वाचला, चष्मा काढला आणि म्हणाले, बाहेरच्यांसाठी तो तमाशा नव्हताच, आतला प्रत्येक जण बाकीच्यांना चोर समजत होता, आणि सगळेच चोर आहेत असं धरून बनवलेला नियम सज्जन धरून बनवलेल्या नियमापेक्षा जास्त टिकतो. मग फळ्यावर परत तोच ३०, ९, ४०, १२ चा बाण काढायला लागले आणि परत तिथेच चुकले. या उत्तराचा अर्धा स्टार परत देणार होते. पण रेकॉर्डिंग बघायला गेले तर ते फक्त गोल्डला, आणि भावाची ट्रायल संपली होती.